देवस्थानची इनाम जमीन थोडक्या पैशांत कशी राखावी

गावच्या देवाला दिवाबत्ती-नैवेद्यासाठी दिलेली चार-सहा एकर जमीन असते आणि ती राखायला विश्वस्तांच्या हाती वर्षाला जेमतेम काही हजार रुपये. अशा वेळी तारेच्या कुंपणाचा विचार सगळ्यांत शेवटी करा. आधी कागद, मग हद्द, मग खंड (जमीन कसायला दिल्याचं भाडं).

1. डिजिटल सातबारा 15 रुपयांत निघतो. तो काढून भोगवटादाराच्या रकान्यात देवाचं नाव आहे का, हे पाहा. घोळ बहुतेक इथेच होतो. जुन्या उताऱ्यावर 'श्री भैरवनाथ देव, वहिवाटदार अमुक गुरव' असं असतं. वहिवाटदार वारला की वारसफेरफार होतो, तीन मुलांची नावं लागतात आणि कधीतरी नक्कल उतरवताना देव गळतो. पुढच्या पिढीला ती जमीन वडिलार्जित वाटते आणि वाटपाची बोलणी सुरू होतात. पुजारी हा व्यवस्थापक आहे, मालकीच्या रकान्यात नाव देवाचंच हवं, हे सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर 2021 मध्ये मध्य प्रदेशातील प्रकरणात स्पष्ट केलं आहे.

2. तहसीलच्या अभिलेख कक्षातून जुने सातबारे, सर्व फेरफार, गाव नमुना 3 (दुमाला जमिनींची नोंदवही) आणि सनद (इनाम दिल्याचा मूळ सरकारी दस्त) यांच्या नकला घ्या. माहिती अधिकाराच्या अर्जाला 10 रुपये लागतात. सनद शब्दन् शब्द वाचा: इनाम जमिनीचं आहे की फक्त साऱ्याचं, म्हणजे तिच्या महसुलाचं? साऱ्यापुरतंच असेल तर जमिनीवर हक्क सांगणं अवघड जातं, आणि हे वकील लावण्याआधी कळलेलं बरं. नाव लेखनप्रमादाने गळलं असेल तर महसूल संहितेच्या कलम 155 खाली तहसीलदारांकडे अर्ज करा. वाद असेल तर प्रांतांकडे (उपविभागीय अधिकाऱ्यांकडे) अपील.

3. धर्मादाय कार्यालयातल्या परिशिष्ट 1 वर (विश्वस्त संस्थेच्या नोंदणीच्या उताऱ्यावर) प्रत्येक गट नंबर चढलेला आहे का, ते तपासा. राहिला असेल तर बदल अर्ज द्या. पश्चिम महाराष्ट्र व कोकणात कूळ कायद्याच्या कलम 88ब चं (देवस्थानच्या जमिनीला सूट असल्याचं) प्रमाणपत्र आहे का, तेही पाहा. ते नसेल तर खंडाने कसणारा कूळ म्हणून उभा राहू शकतो. मराठवाडा आणि विदर्भाचे कूळ कायदे वेगळे आहेत.

4. भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी नियमित दराने मागा, द्रुतगतीचे पैसे वाचतात. मोजणीदार खुणा दाखवतील त्याच दिवशी, लगतच्या खातेदारांसमोर, तीन फुटी दगड निम्मे गाडा, चुना लावा आणि फोटो काढा. 'आठवडाभराने रोवू' म्हटलं की खुंट्या हललेल्या असतात. 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, जपून ठेवा.

5. पहिला पाऊस पडला की हद्दीच्या दीड फूट आत घायपात लावा. दोन ओळी, दोन-दोन फुटांवर, नागमोडी. चौकोनी एकराचा घेर साधारण 835 फूट भरतो, म्हणजे सव्वाआठशेच्या आसपास रोपं. बांधावरच्या जुन्या झाडांची पिलं फुकट मिळतात आणि जनावरं त्यांना सहसा तोंड लावत नाहीत. अगदी हद्दीवर लावू नका, पानं शेजाऱ्याच्या वावरात गेली की भांडण ठरलेलं. पाणंद किंवा वहिवाटीची वाट चुकूनही अडवू नका.

6. खंड जाहीर लिलावाने, 11 महिन्यांच्या लेखी कराराने द्या. दवंडी पिटा, ग्रामपंचायतीच्या फलकावर नोटीस लावा, पैसे फक्त देवस्थानच्या बँक खात्यात घ्या. विहीर, शेड, फळझाडं, वीजजोडणी यांना करारातच मनाई लिहा, कारण पुढे हेच ताब्याचे पुरावे होतात. मुदत संपली की ताबा पावती घ्या आणि रिकाम्या रानाचा फोटो काढा. त्याच माणसाला तोंडी मुदतवाढ देणं, ही विश्वस्तांची सर्वांत महागात पडणारी चूक आहे. शेतजमीन 10 वर्षांपेक्षा जास्त आणि बिगरशेती जमीन किंवा इमारत 3 वर्षांपेक्षा जास्त भाड्याने द्यायची तर सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम 36 खाली धर्मादाय आयुक्तांची पूर्वपरवानगी लागते. विक्रीलाही तीच लागते, शिवाय वर्ग 3 इनामाला (देवस्थान इनामाला) शासनाची वेगळी.

7. महिन्यातून एकदा 'आपली चावडी' या सरकारी संकेतस्थळावर आपल्या गावाच्या फेरफार नोटिसा पाहा. हरकतीला 15 दिवस असतात. अमावास्येला पाहायचं ठरवलं तर विसरत नाही. अतिक्रमण दिसलं की त्याच आठवड्यात फोटो, 'क' प्रत आणि लेखी तक्रार तहसीलदारांकडे द्या आणि पोच घ्या. मिळकत धोक्यात असेल तर त्याच विश्वस्त कायद्याच्या कलम 41ई खाली धर्मादाय आयुक्तांकडे मनाई मागता येते. बारा वर्षं गप्प राहिलात तर समोरचा प्रतिकूल ताब्याचा (इतकी वर्षं उघड ताबा आहे म्हणून मालकीचा) दावा पुढे करतो.

सगळ्या कागदांचे दोन संच ठेवा, एक देवळाच्या कपाटात आणि दुसरा गुरव किंवा खंडकरी यांच्याशी नातं नसलेल्या विश्वस्ताकडे.