इंग्रजीतलं ‘गेट’ वापरताना या चुका टाळा

ऑफिसच्या मेलमध्ये ‘आय विल गेट बॅक टू यू’ लिहिलं, तर वाचणाऱ्याला कळतं की तुम्ही नंतर कळवणार आहात. ‘टू’च्या जागी ‘ॲट’ पडला, की त्याच वाक्याचा अर्थ होतो ‘तुझा सूड घेईन’. आणि मध्ये काहीच न घालता ‘आय विल गेट बॅक यू’ लिहिलं, तर वाक्यच मोडतं.

‘गेट म्हणजे मिळणे’ असं शाळेत पाठ केलेलं असतं, आणि बहुतेक चुका तिथूनच सुरू होतात. हा शब्द व्हायकिंगांच्या जुन्या नॉर्स भाषेतून इंग्रजीत आला, इ.स. १२०० च्या सुमारास लिखाणात दिसू लागला. मूळ अर्थ मिळवणे हाच. पुढे त्याला पोचणे, होणे, समजणे, आणणे, करवून घेणे असे अर्थ चिकटत गेले. मराठी माणसाला याचं नवल वाटायला नको. आपल्याकडे भूक लागते, ठेच लागते, नोकरी लागते, नाद लागतो आणि घाटात गाडीही लागते. तेव्हा ‘गेट’ एकटा पाठ करू नका, त्याच्या मागोमाग काय येतंय ते बघा.

केस कोणी कापले?

‘मी काल केस कापले’ असं आपण सर्रास म्हणतो. न्हाव्याचा उल्लेख करावा लागत नाही, तो गृहीतच असतो. पण हेच ‘आय कट माय हेअर यस्टरडे’ म्हणून सांगितलं, तर ऐकणाऱ्याच्या डोळ्यांसमोर तुम्ही आरशापुढे कात्री घेऊन उभे राहता. ‘मी दाढ काढली’ याचं शब्दशः इंग्रजी तर अंगावर काटा आणतं.

काम दुसऱ्यानं केलं असेल तर ‘आय गॉट माय हेअर कट’ म्हणायचं. आधी ‘गॉट’, मग वस्तू, मग क्रियापदाचं तिसरं रूप. हा क्रम उलटा करून ‘आय गॉट कट माय हेअर’ म्हणणारेही पुष्कळ आहेत, ते चूक. रक्त तपासलं, गाडीचं सर्व्हिसिंग केलं, घराला रंग दिला, सगळीकडे हाच साचा: ‘आय गॉट माय ब्लड टेस्टेड’, ‘वी गॉट द हाऊस पेंटेड’.

काम करणाऱ्याचं नाव घ्यायचं असेल तर मात्र ‘टू’ लागतो: ‘आय गॉट द प्लंबर टू फिक्स द टॅप’. ‘मेड’ किंवा ‘हॅड’ वापरलं तर ‘टू’ गळतो. म्हणून ‘गॉट हिम साइन’ चूक, ‘गॉट हिम टू साइन’ बरोबर.

भेटायला मिळालं की भेटावं लागलं?

‘आय गॉट टू मीट द मिनिस्टर’ म्हणजे मंत्र्यांना भेटायला मिळालं, संधी चालून आली. ‘आय हॅव गॉट टू मीट द मिनिस्टर’ म्हणजे भेटायलाच हवं, सुटका नाही. मराठीत ‘मिळालं’ आणि ‘लागेल’ यांत जेवढं अंतर, तेवढंच या दोन वाक्यांत. फक्त बोलताना ‘हॅव’ गिळला जातो, ‘आय गॉट टू गो’चा ‘आय गॉट्टा गो’ होतो आणि अर्थ निघतो ‘निघायला हवं’. अशा वेळी संदर्भावरूनच ओळखावं लागतं. लिहिताना तरी ‘हॅव’ खाऊ नका.

बसमधून उतरताना

‘गेट डाऊन ॲट द नेक्स्ट स्टॉप’ हे आपल्या देशात कुणालाही कळतं, त्यामुळे याला चूक म्हणायला मी फारसा उत्सुक नाही. पण लंडन किंवा न्यूयॉर्कमध्ये बसमधून ‘गेट ऑफ’ करायचं असतं आणि टॅक्सीतून ‘गेट आउट’. साधी खूण अशी: ज्या वाहनात उभं राहून चालता येतं, ते ऑन-ऑफ, ज्यात वाकून शिरावं लागतं, ते इन-आउट. म्हणजे रिक्षा इन-आउट. सायकल आणि घोडा यांच्यावर आपण बसतो, म्हणून ऑन-ऑफ. तिकडे कुणी ‘गेट डाऊन!’ असं ओरडलं तर आधी खाली वाका, अर्थ नंतर शोधा.

शब्दशः घेऊ नका

खरी पंचाईत बोलीभाषेतल्या अर्थांची. तुम्ही एखादी भन्नाट बातमी सांगितली आणि समोरचा अमेरिकन ‘गेट आउट!’ म्हणाला, तर उठून जाऊ नका. तो ‘काय सांगतोस!’ म्हणतोय. हॉटेलात बिल आल्यावर ‘आय विल गेट धिस’ म्हणजे ‘बिल मी देतो’. बेल वाजल्यावर ‘कॅन यू गेट द डोअर?’ म्हणजे कोण आलंय ते बघ. दार उचलून आणायचं नाहीये. आईनं मुलाला ‘यू आर गोइंग टू गेट इट’ असं बजावलं, तर त्याला खाऊ मिळणार नाहीये, मार मिळणार आहे.

‘गॉचा’ तर सूरावर चालतो. फोनवर शांतपणे म्हटला तर ‘समजलं’, हसत म्हटला तर ‘कसं फसवलं!’. आणि ‘आय गॉट यू’ म्हणजे कधी ‘कळलं’, कधी ‘मी आहे ना पाठीशी’.

समजण्यावरून आठवलं: ‘आर यू गेटिंग?’ हा शिकवण्यांमधला लाडका प्रश्न अर्धवट आहे. काय समजलं ते सांगावं लागतं, म्हणून ‘डू यू गेट इट?’. आणि ‘गेट ऑफ’ला बस-ट्रेनपुरताच ठेवा, त्याच्यापुढे ‘विथ’ किंवा ‘ऑन’ जोडलं की अर्थ चारचौघांत बोलण्याजोगा राहत नाही.

आपल्याकडे आलेले दोन

नाटकवाल्यांचा ‘गेटअप’ मराठीत रुळलाय आणि त्यात कौतुक आहे: काय गेटअप केलाय! इंग्रजीत मात्र या नामाला ‘हा काय अवतार’ अशी छटा असते, त्यामुळे पाहुण्याच्या कपड्यांची तारीफ या शब्दानं करू नका. क्रियापद म्हणून ‘गेट अप’ म्हणजे अंथरुणातून उठणं. ‘वेक अप’ म्हणजे नुसती जाग येणं. रविवारी दोहोंत तीन तास जाऊ शकतात.

शाळेच्या ग्रुपवर ‘गेट-टुगेदर करू या’ ठीकच आहे. पण ‘वी गॉट टुगेदर इन कॉलेज’ असं एखाद्या मैत्रिणीबद्दल सांगाल, तर तुमचं तेव्हा जुळलं होतं असा समज होईल.

‘गॉटन’ चूक आहे का?

नाही. अमेरिकेत ‘गॉटन’ अगदी प्रमाण आहे आणि तिथे त्याचा उपयोगही आहे. ‘आय हॅव गॉट अ कार’ म्हणजे माझ्याकडे गाडी आहे, ‘आय हॅव गॉटन अ कार’ म्हणजे मी गाडी मिळवली, घेतली. ब्रिटिशांनी हे रूप बहुतेक सोडून दिलं, ‘फरगॉटन’सारख्या शब्दांत तेवढं उरलं. आपली पाठ्यपुस्तकं ब्रिटिश वळणाची, म्हणून आपल्याला ते खटकतं. अर्ज किंवा निबंध लिहिताना दोन्हीही टाळता येतात: पत्र ‘रिसीव्ह’ करा, परवानगी ‘ऑब्टेन’ करा, अवघड होत गेलं तर ‘बिकेम’ लिहा. मित्राशी गप्पा मारताना मात्र ‘ऑब्टेन’ काढू नका, तो हसेल.