गावातली ‘क्रुसाची वाट’ चित्रित करताय? या चुका टाळा

नागपूरच्या आसपासच्या एखाद्या गावात गुड फ्रायडेला कॅमेरा घेऊन जाणार असाल, तर सगळ्यात मोठी चूक म्हणजे ‘क्रुसाची वाट’, म्हणजे येशूच्या क्रूसापर्यंतच्या प्रवासाचे प्रसंग दाखवणारी मिरवणूक, हे नाटक आहे असं धरून चालणं. क्रूस वाहणारा पोरगा भूमिका करत असतो, पण मागून चालणारे लोक प्रार्थना करत असतात. ‘भाऊ, एकदा परत पडता का?’ हे तोंडून निघता कामा नये. रिटेक नाही म्हणजे नाही. बऱ्याच जणांचा त्या दिवशी उपास असतो, तेव्हा तुमचा डबाही जरा आडोशालाच उघडा.

मग शॉट हुकू नये म्हणून काय करायचं? चौदा स्थानं, म्हणजे मिरवणूक जिथे थांबते ते प्रसंग, पाठ करायची. येशू तीनदा पडतो : तिसऱ्या, सातव्या आणि नवव्या स्थानाला. चौथ्याला आई भेटते, सहाव्याला वेरोनिका नावाची बाई त्याचा चेहरा पुसते. इथे मागे राहिलात तर नुसत्या पाठी मिळतात. म्हणून तालमीलाच जा आणि कुठलं स्थान कुठल्या कोपऱ्यावर, ते लिहून घ्या. एकटे असाल तर चौदाही टिपायचा हट्ट सोडा. पुढे जायचं तर मिरवणूक कापू नका, मागच्या बोळीतून जा. नाहीतर एखादी आजी ऐकवेलच, ‘बाबू, सरक नं, काई दिसून नाई राह्यलं!’

भर दुपारचं ऊन डोक्यावर असतं. काट्यांच्या मुकुटाखाली डोळ्यांच्या जागी नुसते काळे खड्डे दिसतात. एक्सपोजर चेहऱ्यावर धरा, आभाळ पांढरं झालं तरी चालेल. मोबाईल तापून बंद पडला तर बर्फाच्या पाण्याच्या बाटलीला लावू नका, आत दव धरतं. छत्री धरायला एक माणूस सोबत न्या. खेळ रात्री दिव्यांखाली असेल आणि चित्र लुकलुकत असेल, तर शटर १/५० किंवा १/१०० सेकंदावर ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची आहे.

आवाज भोंग्यासमोर उभं राहून घेतला की फाटतो. साउंडवाल्याच्या मिक्सरवरून वेगळी लाइन मागा, रेकॉर्डिंगची लेव्हल उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा आणि गर्दीतल्या गाण्यासाठी दुसरा रेकॉर्डर लावा.

एडिटिंगमध्ये क्रूसावरच्या मरणाला चर्चची घंटा जोडायचा मोह फार होतो. कॅथलिक रिवाजात गुरुवारच्या संध्याकाळच्या मिस्सापासून (चर्चमधल्या उपासनेपासून) शनिवारी रात्रीच्या ईस्टर जागरणापर्यंत घंटा वाजतच नाही; लागलंच तर लाकडी खुळखुळा वाजवतात. गावात पहिल्यांदा दाखवाल, तेव्हा ती घंटा पहिल्या रांगेतल्या सिस्टरच पकडतील.