वाट्याचा भाव वहीत कसा उतरवायचा

बाजारभावांचा अभ्यास करायला माझ्याकडे येणाऱ्या मुलांना मी आधी गोव्यातल्या म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात धाडते. सोबत वही, पेन्सिल आणि सुटे पैसे. छापील प्रश्नावली घरी ठेवायची. ती पाहिली की बाजारातल्या बायका गप्प होतात.

नुसता भाव विचारून येऊ नका, वाटा, म्हणजे न तोलता मांडलेला छोटा ढीग, विकत घ्या. गावठी वांगी-मिरच्या वाट्याने मिळतात, तांबडी भाजी जुडीने, नारळ नगावर. घरी आल्यावर काट्यावर वजन करा आणि मगच किलोचा भाव काढा. वीस रुपयांचा वाटा गणेश चवथीच्या तोंडावरही वीसलाच मिळतो, दोन वांगी तेवढी कमी झालेली असतात. वजन टिपलं नाही तर महागाई तुमच्या वहीत कधी दिसणारच नाही. वेळही लिहा, कारण पालेभाजीचा सकाळचा भाव दुपारी राहत नाही.

बेळगावहून आलेला माल आणि गावठी माल वेगळ्या पानांवर. फलोत्पादन महामंडळाच्या गाड्यांवरचा सवलतीचा दर तिसऱ्या पानावर. त्यात सरकारचा पैसा असतो, तो बाजारभावात मिसळू नये.

आता शेतकऱ्याचा वाटा, म्हणजे गिऱ्हाइकाने दिलेल्या पैशातला त्याचा हिस्सा. समजा, टोमॅटो साठ रुपये किलोने विकला गेला आणि शेतकऱ्याच्या हाती वीस पडले. म्हणजे तेहतीस टक्के. रिझर्व्ह बँकेच्या 2024 सालच्या एका शोधनिबंधातही टोमॅटोसाठी साधारण हाच आकडा आहे. कांद्याला 36, बटाट्याला 37. इथे पोरं लगेच लिहितात, ‘दलालाने लुटलं’. थांबा. घाटातून येणाऱ्या टेम्पोचं भाडं, हमाली, सडून फेकलेला माल, पालिकेचा सोपो (बाजारात बसण्याची फी) हे सगळं उरलेल्या चाळीस रुपयांतून आधी वजा करा. त्यानंतर जे उरेल त्यावर खुशाल भांडा.

स्वतः पिकवून स्वतः विकणाऱ्या बाईचा वाटा कागदावर शंभर टक्के. मग तिला न्याय मिळाला का? तिच्याकडून बी, खत, पंपाचं वीजबिल आणि बसभाडं समजून घ्या. घरातल्या किती जणांनी किती दिवस वाफ्यात घालवले तेही विचारा. बाजारात बसलेला दिवस त्यात धरायचा, तो सगळे विसरतात. विक्रीतून खर्च वजा करून उरलेल्या रकमेला या दिवसांनी भागा आणि उत्तर सरकारने ठरवलेल्या किमान वेतनाशेजारी मांडा. माझ्या मते ‘रास्त भाव’ या शब्दांना अर्थ येतो तो इथे, टक्केवारीत नव्हे.

हे प्रश्न गिऱ्हाइकांची गर्दी ओसरल्यावर, शक्यतो कोंकणीतून विचारा. तिने ‘आज नाका’ म्हटलं तर वांगी घेऊन परत या आणि पुढच्या शुक्रवारी जा. तिचं नाव वहीत नको, गाव आणि पीक पुरे.