पन्नास लाखांचं घरकर्ज शेवटी केवढ्याला पडतं

घर बघायला गेलं की बिल्डरच्या ऑफिसात पहिला प्रश्न येतो, "महिन्याला किती हप्ता झेपेल?" तिथूनच हिशेब चुकायला लागतो. हप्ता ही घराची किंमत नाही आणि कर्जाचीही नाही. किंमत दोन आकड्यांत दडलेली असते: मुदत किती वर्षांची, आणि आजच्या तारखेला मुद्दल किती शिल्लक. हे दोन आकडे सतत डोळ्यांसमोर असले तर वीस वर्षांत काही लाख रुपये वाचू शकतात. ते कसे, हे एकाच उदाहरणावर पाहू: ५० लाखांचं कर्ज, व्याज ८.५ टक्के.

मुदत बदलली की काय होतं

८.५ टक्क्यांना दर लाखामागे मासिक हप्ता १५ वर्षांसाठी सुमारे ९८५ रुपये, २० वर्षांसाठी ८६८, २५ वर्षांसाठी ८०५ आणि ३० वर्षांसाठी ७६९ रुपये पडतो. तुमचं कर्ज जितक्या लाखांचं, तितक्याने गुणा. ५० लाखांचे आकडे असे निघतात:

१५ वर्षं: हप्ता ४९,२३७, एकूण व्याज ३८.६ लाख
२० वर्षं: हप्ता ४३,३९१, एकूण व्याज ५४.१ लाख
२५ वर्षं: हप्ता ४०,२६१, एकूण व्याज ७०.८ लाख
३० वर्षं: हप्ता ३८,४४६, एकूण व्याज ८८.४ लाख

शेवटच्या दोन ओळी नीट पाहा. २५ची ३० वर्षं केली तर महिन्याला जेमतेम १,८०० रुपये सुटतात आणि त्यासाठी साडेसतरा लाखांहून जास्त व्याज भरावं लागतं. मुदत वाढेल तसा हप्त्यातला फायदा आटत जातो, व्याज मात्र त्याच जोमाने चढत राहतं. पगार खरंच तोकडा असेल तर गोष्ट वेगळी. पण "हप्ता थोडा हलका वाटेल" एवढ्यासाठी तीस वर्षांची मुदत घेऊ नये, असं आमचं स्पष्ट मत आहे.

पहिली बारा वर्षं व्याजाचीच

घरी संगणकावर एक तक्ता करा. रकाने पाच: महिना, सुरुवातीची शिल्लक, व्याज, मुद्दल, अखेरची शिल्लक. व्याज काढायला शिल्लक गुणिले दर भागिले १२००. हप्त्यातून व्याज वजा केलं की उरतं ते मुद्दल. अखेरची शिल्लक पुढच्या महिन्याची सुरुवात. सूत्र एकदा लिहून खाली २४० ओळींपर्यंत ओढलं की काम झालं. बँकेने दिलेल्या परतफेडीच्या तक्त्याशी ताडून पाहा. बँका दिवसागणिक व्याज मोजतात म्हणून थोडाफार फरक पडेल, पण तो हजारांत असता कामा नये.

२० वर्षांच्या कर्जात पहिल्या हप्त्याच्या ४३,३९१ रुपयांपैकी ३५,४१७ व्याजात जातात, मुद्दल फिटतं ७,९७४. पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि मुद्दल कमी झालेलं असतं जेमतेम ५.९४ लाखांनी. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत सरल्यावरही, ३५ लाख बाकी असतात. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त व्हायला सुमारे १४३वा हप्ता उजाडतो. सातव्या-आठव्या वर्षी घर विकायचं ठरलं आणि बँकेकडून शिल्लक रकमेचं पत्र आलं की अनेकांना धक्का बसतो, तो यामुळेच.

दर वाढतो तेव्हा हप्ता गप्प बसतो

बदलत्या दराच्या कर्जात सगळ्यात मोठं नुकसान नजरेआड होतं. ऑक्टोबर २०१९पासून बँकांना अशी नवी गृहकर्जं बाहेरच्या निकषाशी जोडावी लागतात. बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो दर, घेतला आहे. कर्जाचा व्याजदर तीन महिन्यांतून किमान एकदा त्याप्रमाणे जुळवून घ्यावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हा नियम लागू नाही, त्या स्वतःच्या संदर्भ दराने चालतात. म्हणून रेपो उतरला तरी त्यांच्या ग्राहकाला त्याचा लाभ कधी आणि किती मिळेल, हे आधीच विचारून घ्यावं.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. २०२१च्या अखेरीस ६.७५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी ५० लाख घेतलेल्याचा हप्ता होता ३८,०१८. दर ९.२५ झाला तेव्हा, समजा, शिल्लक होती ४९ लाख. त्यावरचं एका महिन्याचं व्याजच ३७,७७१ रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात २४७ रुपये. या गतीने कर्ज फिटायला ५४ वर्षांहून जास्त लागतील! मूळ मुदत राखायची तर हप्ता ४५,८५० च्या आसपास न्यायला हवा होता. पण दर वाढला की बँका सहसा हप्त्याला हात लावत नाहीत, मुदत वाढवतात. खात्यातून जाणारी रक्कम तीच राहते, त्यामुळे कुणाला काही जाणवत नाही.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ला यावर नियम केले. दर बदलल्यावर बँकेने ग्राहकाला कळवायचं आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय द्यायचा. हप्त्यात व्याजही भागत नाही अशी वेळ येऊ द्यायची नाही. दर तिमाहीला विवरणही द्यायचं: आजवर किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, हप्ता किती, उरलेले हप्ते किती, वार्षिक दर किती. या विवरणात आधी "उरलेले हप्ते" पाहा. मागच्या तिमाहीत २०१ होते तर आता १९८ हवेत. २१५ दिसले तर त्याच आठवड्यात शाखेत लेखी अर्ज द्या: "मुदत पूर्ववत ठेवून हप्ता वाढवावा."

२०२५मध्ये रेपो उतरत उतरत डिसेंबरात ५.२५ टक्क्यांवर आला. दर उतरतो तेव्हा उलटं करावं. बँकेने हप्ता कमी करू का विचारलं तर नको म्हणा. जुनाच हप्ता चालू ठेवला की मुदत आपोआप आक्रसते.

करारापूर्वीचा खर्च

पुणे शहरात ६२.५ लाखांचा, बांधकाम चालू असलेला फ्लॅट धरू. कर्ज ३० लाखांपर्यंत असेल तर घराच्या किमतीच्या ९० टक्के, ३० ते ७५ लाखांपर्यंत ८० टक्के आणि त्यापुढे ७५ टक्के, ही रिझर्व्ह बँकेने घातलेली कमाल मर्यादा. म्हणजे ५० लाख कर्ज आणि साडेबारा लाख स्वतःचे. मुद्रांक शुल्क सर्व उपकरांसह ७ टक्के, म्हणजे ४,३७,५०० रुपये. ते करारातली किंमत आणि रेडी रेकनरची (सरकारने त्या भागासाठी ठरवलेली) किंमत यांतल्या मोठ्या आकड्यावर लागतं. नोंदणी ३०,०००. जीएसटी ५ टक्के, म्हणजे ३,१२,५००. हाती पैसे हवेत २०.३ लाख. घराची किंमत दहा लाखांच्या वर असली की मुद्रांक आणि नोंदणी कर्जाच्या हिशेबात धरत नाहीत. हे ठाऊक नसल्यामुळे ऐनवेळी वैयक्तिक कर्ज काढणारे पुष्कळ असतात आणि त्याचा दर गृहकर्जाहून बराच जास्त असतो.

घर फक्त स्त्रीच्या नावे घेतलं तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे. या उदाहरणात ६२,५०० रुपये वाचतात. नवऱ्याचं नाव सहखरेदीदार म्हणून घातलं की ही सवलत जाते. भोगवटा प्रमाणपत्र (इमारत राहायला योग्य असल्याचा पालिकेचा दाखला) मिळालेल्या घरावर जीएसटी नाही. ४५ लाखांपर्यंतच्या परवडणाऱ्या घरांना तो १ टक्का, पण चटई क्षेत्र मुंबई महानगर प्रदेशात ६० आणि पुण्यात ९० चौरस मीटरच्या आत हवं.

बँकेची प्रक्रिया फी (तिच्यावर १८ टक्के जीएसटी), वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणखताचं मुद्रांक शुल्क आणि कर्जानंतर ३० दिवसांत नोंदणी कार्यालयाला द्यायची गहाणाची सूचना, हे वेगळंच. १ ऑक्टोबर २०२४पासून गृहकर्जासारख्या प्रत्येक नव्या किरकोळ (रिटेल) कर्जाबरोबर मुख्य तथ्य पत्रक द्यावं लागतं. त्यात फी आणि इतर सगळे खर्च धरून निघालेला वार्षिक दर छापलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दराने करू नका, या आकड्याने करा. पाव टक्का क्षुल्लक वाटतो, पण ५० लाख आणि २० वर्षांवर त्याचे १.८९ लाख होतात.

विम्याकडे वेगळं लक्ष द्या. कर्ज मंजूर होताना एकरकमी हप्त्याची पॉलिसी पुढे केली जाते आणि तिची रक्कम कर्जातच मिसळतात. दीड लाखाचा विमा असा घेतला तर वीस वर्षांत ३.१२ लाखांना पडतो. घरात कमावणारी एकच व्यक्ती असेल तर विमा हवाच, पण वेगळी टर्म पॉलिसी (ठरावीक मुदतीचा निव्वळ आयुर्विमा) घ्यावी. तिचं संरक्षण शिल्लक मुद्दलाबरोबर घटत नाही आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी ती चालू राहते. बँक सांगेल त्याच कंपनीची पॉलिसी घेण्याची सक्ती नाही. सह्या होऊन गेल्या असतील तरी पॉलिसी हाती आल्यापासून ३० दिवसांत ती परत करता येते.

बांधकाम चालू असताना बँक जितके पैसे बिल्डरला देते तितक्यावरच व्याज घेते. याला प्री-ईएमआय म्हणतात. सरासरी ३० लाख दिलेले असतील तर महिन्याला २१,२५०. ताबा अडीच वर्षांनी मिळाला तर ६.३७ लाख जातात आणि मुद्दल जागचं हलत नाही. शिवाय जुन्या घराचं भाडं चालूच. झेपत असेल तर पहिल्या वितरणापासूनच पूर्ण हप्ता सुरू करायला सांगा.

मुदतीआधी फेडताना

व्यक्तीच्या नावावरच्या बदलत्या दराच्या गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही. स्थिर दराच्या कर्जाला लागू शकतो.

बोनसचे दोन लाख पहिल्या वर्षाच्या शेवटी भरले आणि मुदत कमी करून घेतली तर सुमारे २१ हप्ते गळतात, निव्वळ बचत ७.३ लाख. तेच दोन लाख भरून हप्ता कमी करून घेतला तर हप्ता १,७७१ रुपयांनी उतरतो आणि शेवटी वाचतात फक्त दोन लाखांच्या आसपास. रक्कम तीच, दिवस तोच, फक्त अर्जावरची खूण वेगळी. ॲपवरून भरताना काही ठिकाणी हप्ता कमी करण्याचा पर्याय आधीच निवडलेला असतो, तो बदला. पैसे भरल्यावर दोन दिवसांनी विवरण काढा. रक्कम मुद्दलातून वजा झाली आहे का, की पुढच्या हप्त्यांची आगाऊ रक्कम म्हणून पडून आहे, ते पाहा. पडून असेल तर व्याजात दमडीही वाचत नाही.

हेच दोन लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर बचत होते जेमतेम एक लाख. म्हणून फेड सुरुवातीच्या वर्षांत करावी. दरवर्षी एक हप्ता जास्त भरला तर २४० ऐवजी सुमारे २०० हप्त्यांत कर्ज संपतं आणि सव्वादहा लाख वाचतात. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवत गेलात तर सव्वाबारा वर्षांत मोकळे व्हाल.

फेडीपूर्वी दोन गोष्टी सांभाळा. सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बँकेत बाजूला हवेत, कारण घरात अडकलेला पैसा आजारपणात पटकन काढता येत नाही. दुसरी गोष्ट कराची. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या कर्जावर वर्षाला दोन लाखांपर्यंत व्याजाची वजावट मिळते, नव्या करप्रणालीत ती नाही. नव्या प्रणालीत असाल तर ८.५ टक्क्यांचं कर्ज फेडणं म्हणजे करमुक्त ८.५ टक्के मिळवणं. तेवढा बिनधोक परतावा मुदत ठेवीत शोधून पाहा.

दुसऱ्या बँकेत न्यायचं का

आधी स्वतःच्या बँकेत जा. नव्या ग्राहकाला कमी दर आणि जुन्याला जास्त, असं सर्रास असतं. थोडी फी घेऊन दर उतरवून देतात. नाही जमलं तर नव्या बँकेची प्रक्रिया फी, वकील, मूल्यांकन आणि गहाणाचा खर्च जोडा. त्याला महिन्याच्या बचतीने भागा. उत्तर अठरा महिन्यांच्या आत आलं तर हलवा. नवी बँक सोळा वर्षं उरलेल्या कर्जाला पुन्हा वीस वर्षांची मुदत देऊ करील. ती नाकारा, नाहीतर कमी दराचा फायदा वाढलेल्या वर्षांत विरघळतो.

शेवटचा हप्ता भरल्यावर बँकेने मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत द्यायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. कागदपत्रं ताब्यात घेताना मंजुरीच्या वेळी मिळालेली यादी घेऊन एकेक पान जुळवा, मूळ करारनामा आणि नोंदणीची पावती आहे ना ते पाहा, थकबाकी नसल्याचा दाखला घ्या आणि गहाणाची नोंद काढल्याचा पुरावा मागा. महिन्याभराने पतअहवाल काढून तिथे कर्ज "बंद" असं दिसतंय का, तेही तपासा.