सैन्यभरतीत वैद्यकीयदृष्ट्या अपात्र ठरल्यास दाद कशी मागावी

वैद्यकीय तपासणीत ‘अनफिट’ असा शेरा मिळाल्यावर काही उमेदवार हताश होऊन घरी परततात, तर काही थेट उच्च न्यायालयाची वाट धरतात. दोन्हींमुळे नुकसान होते, कारण पहिला उपाय सैन्याच्या स्वतःच्या यंत्रणेतच उपलब्ध असतो, त्याची मुदत फार थोडी असते आणि तो न वापरता आलेल्या याचिकाकर्त्याला न्यायालय बहुधा माघारी पाठवते.

एनडीए (राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनी) किंवा सीडीएस (संयुक्त संरक्षण सेवा परीक्षा) यांमधून अधिकारी होऊ पाहणाऱ्या उमेदवाराची तपासणी एसएसबी म्हणजे सेवा निवड मंडळाच्या मुलाखतीनंतर स्पेशल मेडिकल बोर्ड, म्हणजे लष्करी डॉक्टरांचे मंडळ, करते. तेथे अपात्र ठरल्यास ४२ दिवसांच्या आत अपील मेडिकल बोर्डासमोर जाता येते. तेथेही निर्णय कायम राहिला, तर रिव्ह्यू मेडिकल बोर्डासाठी विनंती करता येते. मात्र अलीकडच्या अधिसूचनांनुसार ही विनंती अपील बोर्ड पूर्ण झाल्यापासून एका दिवसात करावी लागते. शिवाय ती मान्य करणे सशस्त्र दल वैद्यकीय सेवेच्या महासंचालकांच्या अखत्यारीत असून उमेदवाराचा तो हक्क नाही. अग्निवीर भरतीत अपात्र ठरलेल्यांना नेमून दिलेल्या लष्करी रुग्णालयात तज्ज्ञाकडून फेरतपासणी करून घेता येते. तिची मुदत आपल्या भरतीच्या अधिसूचनेत त्याच दिवशी पाहावी आणि ऐकीव माहितीवर विसंबू नये.

शेरा हातात पडताच तो नीट वाचावा. अपात्रतेचे कारण नेमके काय लिहिले आहे आणि अपात्रता तात्पुरती आहे की कायमची, हे त्यातून कळते. कानातील मळ, नाकाचा वाकलेला पडदा, हायड्रोसिल (अंडकोशात पाणी साचणे) यांसारखे दोष उपचाराने दूर होऊ शकतात, म्हणून अपील बोर्डापूर्वी ते करून घेण्याला अर्थ असतो. याउलट चष्म्याचा नंबर घालवणाऱ्या लेसिक शस्त्रक्रियेसारख्या बाबतीत वय, शस्त्रक्रियेनंतर गेलेला काळ आणि नेत्रगोलाची लांबी यांचे निकष ठरलेले असतात, आणि ते पूर्ण होत नसतील तर कितीही चांगली दृष्टी उपयोगी पडत नाही. निदानच चुकले आहे असे वाटत असेल, तर त्याच आठवड्यात शासकीय रुग्णालयातील संबंधित विषयाच्या तज्ज्ञाकडून तपासणी करून घ्यावी आणि अहवालात मोजमापे, तारीख व चाचणीची पद्धत लिहून घ्यावी. ‘उमेदवार तंदुरुस्त आहे’ एवढ्याच वाक्याच्या दाखल्याला फारशी किंमत नसते.

आपल्या तपासणीची कागदपत्रे मिळाली नसतील, तर माहिती अधिकार कायदा, २००५ खाली अर्ज करावा. केंद्रीय कार्यालयांसाठी शुल्क १० रुपये असून उत्तराची सर्वसाधारण मुदत ३० दिवसांची आहे. हा काळ अपिलाच्या मुदतीत खर्ची घालू नये. दोन्ही अर्ज एकाच वेळी करावेत.

अंतर्गत मार्ग संपल्यावर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करता येते. सशस्त्र दल न्यायाधिकरण सर्वसाधारणपणे लष्करी कायद्यांच्या कक्षेत आलेल्या व्यक्तींच्या सेवाविषयक तक्रारी ऐकते, त्यामुळे अद्याप भरती न झालेल्या उमेदवाराला उच्च न्यायालयातच जावे लागते. कोणत्या उच्च न्यायालयात, हे दाव्याचे कारण कोठे घडले यावरून ठरते. तपासणी भोपाळला झाली असेल, तर केवळ आपण सातारचे रहिवासी आहोत या आधारावर मुंबईत याचिका टिकेलच असे नाही.

याचिकेचा भर कशावर असावा, हे सर्वांत महत्त्वाचे आहे. न्यायाधीश डॉक्टरच्या जागी बसत नाहीत; सैन्यसेवेचे निकष नागरी नोकरीपेक्षा कडक असणे न्यायालयांना मान्य आहे आणि वैद्यकीय मंडळाचा (बोर्डाचा) दुष्ट हेतू नसल्याचे ते गृहीत धरतात. म्हणून ‘मी तंदुरुस्त आहे’ एवढाच युक्तिवाद सहसा अपुरा पडतो, तो खरा असला तरीही. निर्णय ज्या पद्धतीने झाला, त्या पद्धतीतला दोष दाखवावा लागतो: ज्या अवयवाचा दोष आहे त्या विषयाचा तज्ज्ञ तपासणीत होता का, विहित चाचणी खरोखर केली का, पहिल्या आणि दुसऱ्या मंडळाच्या मोजमापांत ठळक तफावत आहे का, मंडळाने स्वतः मागवलेला तज्ज्ञाचा अनुकूल अहवाल कारण न देता बाजूला ठेवला का. निमलष्करी दलांच्या भरतीच्या प्रकरणांत दिल्ली उच्च न्यायालयाने अशा आधारांवर उमेदवाराला नव्या तपासणीसाठी पाठवल्याची उदाहरणे आहेत.

विलंब टाळावा. प्रशिक्षणाची तुकडी रुजू झाल्यावर आलेली याचिका निष्फळ ठरू शकते, म्हणून याचिकेसोबतच एक जागा रिक्त ठेवण्याचा अंतरिम आदेश मागावा. विनंतीही मोजकी असावी: स्वतंत्र लष्करी रुग्णालयात, संबंधित तज्ज्ञासह नव्या मंडळाकडून ठरावीक मुदतीत फेरतपासणी. थेट नेमणुकीची मागणी न्यायालय क्वचितच मान्य करते, कारण तपासणीत पात्र ठरल्यावरही गुणवत्ता यादीतले स्थान आणि शिल्लक जागा पाहिल्या जातात. वयोमर्यादा शिल्लक असेल, तर याचिका प्रलंबित असतानाही पुढच्या भरतीचा अर्ज भरावा, आणि पूर्वीच्या अपात्रतेबद्दल विचारले असल्यास ती न लपवता लिहावी.