मॅनिफोल्ड बांधायचाय? आधी हेडर मोजा

चारही नळ एकदम सोडले की शेवटच्याला धारच येत नाही, अशी तक्रार आली तर मी व्हॉल्व्हला हात लावत नाही. आधी हेडरचा, म्हणजे ज्या मुख्य पाइपातून सगळ्या शाखा फुटतात त्याचा, व्यास मोजतो. हेडर आणि त्याच्या शाखा मिळून झाला मॅनिफोल्ड. माझ्या पहिल्या मॅनिफोल्डची खोट तिथेच होती. २५ मिमीचा हेडर आणि त्याला २५ मिमीच्याच चार शाखा! पहिल्या दोघींनी पाणी ओढलं, चौथी नुसती ठिबकत होती.

हिशेब अवघड नाही. प्रत्येक शाखेच्या आतल्या व्यासाचा वर्ग करा, बेरीज करा, वर्गमूळ काढा. २५ चा वर्ग ६२५, चौघींचे २५००, वर्गमूळ ५०. म्हणजे हेडर किमान ५० मिमीचा. त्यात पाणी संथ चालतं, दाब सगळीकडे जवळपास सारखा राहतो आणि कोणाला किती पाणी हे शाखाच ठरवते.

हेडर आखूड आणि पाण्याला वेग असेल तर उलटा खेळ होतो, शेवटची शाखाच जास्त पाणी घेते. प्रत्येक ‘टी’जवळ (शाखा फुटते तो T आकाराचा जोड) थोडं पाणी बाहेर गेलं की पुढचा वेग उतरतो, आणि वेग उतरला की दाब चढतो. लांब हेडरमध्ये मात्र घर्षण वरचढ ठरतं. एल्बोला (वळणाच्या जोडाला) चिकटून पहिली टी लावू नका, वळणावरून पाणी एका अंगाला झुकून येतं. मी हेडरच्या व्यासाच्या दहापट सरळ पाइप सोडतो. जागा नसली तर पाचपट.

पाणी बाहेर न पडता फिरून परत येणार असेल, तर ते गोळा करून परत नेणारा हेडरही तेवढाच जाड घ्या. दोन्ही हेडर लांब असतील तर परतीचं तोंड पुरवठ्याच्या विरुद्ध टोकाला काढा, म्हणजे प्रत्येक शाखेची एकूण वाट सारखी होते. सर्वांत उंच जागी हवा सोडायला एअर व्हेंट, सर्वांत खाली पाणी काढायला ड्रेन कॉक. प्रत्येक शाखेला स्वतंत्र व्हॉल्व्ह आणि युनियन (पाइप न कापता खोलता येणारा जोड) द्या. एक जादा टी प्लग मारून ठेवा. पाचवी शाखा कधी ना कधी निघतेच.

शेवटी बादली आणि घड्याळ. सगळ्या शाखा चालू ठेवून एकेकीची बादली किती सेकंदांत भरते ते बघा. जिची लवकर भरते तिचाच व्हॉल्व्ह आवळा. त्यासाठी चाक फिरवून हळूहळू आवळला जाणारा ग्लोब व्हॉल्व्ह हवा, पाव फेऱ्यात उघडझाप होणाऱ्या बॉल व्हॉल्व्हने बारीक जुळणी होत नाही. मग चाक किती आटे उघडं आहे ते मार्करने पाइपवरच लिहा. कोणीतरी येऊन ते फिरवणारच आहे.