म्युझिक लेबलमध्ये काम करायचंय? ए अँड आर आणि पब्लिशिंगबद्दल थोडं सविस्तर

लेबलमध्ये, म्हणजे गाणी तयार करून बाजारात आणणाऱ्या कंपनीत, काम करायचंय म्हणणारी मुलंमुली भेटतात तेव्हा बहुतेकांच्या डोळ्यासमोर एकच चित्र असतं, की आपण हेडफोन लावून बसलोय, नवीन आवाज ऐकतोय आणि ठरवतोय हा घ्यायचा, तो नको. असं काम असतं, नाही असं नाही, आणि मला ते अजूनही सगळ्यात जास्त आवडतं. पण मी अंधेरीच्या एका लेबलच्या ऑफिसात सुरुवात केली ती एक्सेल शीटवर, गाण्यांच्या क्रेडिटच्या नोंदी तपासण्यापासून. आता ए अँड आर आणि पब्लिशिंग दोन्ही बघते, आणि तरी नवीन माणसाला मी तिथूनच सुरू कर म्हणते.

आधी दोन्ही कामांतला फरक. ए अँड आर म्हणजे आर्टिस्ट अँड रेपर्टवा. कलाकार शोधायचा, त्याच्यासाठी गाणं उभं करायचं, संगीतकार कोण, अरेंजर कोण, बजेट किती, स्टुडिओ कधी मिळतोय, मिक्स कुणाकडे, रिलीज कधी, हे सगळं. यातून जे तयार होतं ते रेकॉर्डिंग, म्हणजे मास्टर, आणि ते बहुतेक वेळा लेबलच्या मालकीचं. पब्लिशिंग म्हणजे त्या रेकॉर्डिंगच्या आतलं गाणं, शब्द आणि चाल, त्यांचे हक्क. एकच गाणं दहा जणांनी गाऊन रेकॉर्ड केलं तर मास्टर दहा झाले, गाणं एकच राहिलं. हे डोक्यात पक्कं बसवा, कारण इंडस्ट्रीत बरीच वर्षं काढलेल्या लोकांचाही इथे गोंधळ होतो आणि मग पैसे चुकीच्या खात्यात जातात.

आपल्याकडे पब्लिशिंग उशिरा रुजलं त्याला कारण आहे. सिनेमाची गाणी लिहिणारे आणि चाली देणारे एकरकमी पैसे घ्यायचे आणि हक्क निर्मात्याकडे जायचे, १९७७ मध्ये सुप्रीम कोर्टाचा जो निकाल आला त्यानेही निर्मात्याचीच बाजू भक्कम केली. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ ला दुरुस्ती झाली तेव्हा चित्र बदललं. आता सिनेमागृहात सिनेमा दाखवणं सोडून गाणं बाकी कुठेही वापरलं गेलं तर गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीतला समान वाटा त्यांच्याकडून लिहून घेता येत नाही, तो फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. ही सोसायटी म्हणजे आयपीआरएस (इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी), गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी १९६९ ची संस्था, २०१७ मध्ये नव्याने रजिस्टर झालेली. पीपीएल (फोनोग्राफिक परफॉर्मन्स लिमिटेड) वेगळी, ती रेकॉर्डिंगच्या हक्कांचं बघते. एखाद्या हॉटेलने गाणी वाजवायला दोन ठिकाणी पैसे का भरायचे हा प्रश्न प्रत्येक हॉटेलवाला विचारतो आणि तुम्हाला तो न चिडता समजावून सांगता आला पाहिजे.

कॉपीराइट कायद्याची कलमं १८ आणि १९ स्वतः वाचा, वकिलाने सांगितलेला सारांश नको. करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. आणि २०१२ नंतरच्या करारांत, सही करताना जे माध्यम अस्तित्वातच नव्हतं त्याचे हक्क त्याचा स्पष्ट उल्लेख असल्याशिवाय जात नाहीत. जुना कॅटलॉग, म्हणजे जुन्या गाण्यांचा संच, विकत घेताना किंवा लायसन्स करताना आमचा निम्मा वेळ असल्याच वाक्यांवर जातो, कॅसेटच्या काळातला पिवळा पडलेला करार समोर असतो आणि त्यातून स्ट्रीमिंगबद्दल काय निघतं ते बघायचं असतं.

आता मराठीचा मुद्दा, आणि इथे मी जरा जास्त बोलणार आहे. मोठ्या कंपन्यांच्या पब्लिशिंग टीममध्ये मराठी नीट येणारी माणसं मी फार कमी बघितली, आणि आपल्या गाण्यांचं त्यामुळे खरंच नुकसान होतं. अभंगाचंच घ्या. 'तीर्थ विठ्ठल क्षेत्र विठ्ठल' हे शब्द नामदेवांचे, त्यावर कुणाचा कॉपीराइट नाही, पण भीमसेनजींच्या आवाजात आपण जी चाल ऐकतो ती राम फाटकांची आहे. भाषा न कळणारा माणूस संत नामदेव हे नाव बघतो आणि अख्खं गाणंच पारंपरिक म्हणून टाकायला जातो. चाल देणाऱ्याचा हक्क तो माणूस गेल्यावरही साठ वर्षं चालू असतो, म्हणजे एका चुकीच्या शब्दाने एखाद्या घरातलं दोन पिढ्यांचं उत्पन्न जातं.

लोकगीतांमध्ये तर याहून वाईट अवस्था. कॅसेटच्या काळात कोळीगीतं, भीमगीतं, लग्नाची गाणी धडाधड निघाली आणि गीतकार-संगीतकाराच्या जागी सरळ 'पारंपरिक' छापलं गेलं, काही वेळा खरंच माहीत नव्हतं म्हणून, काही वेळा सोयीचं होतं म्हणून. रायगड जिल्ह्यातले एक काका आमच्याकडे आले होते, त्यांचं गाणं आजही हळदीला वाजतं आणि त्यांचं नाव कुठेच नाही. आम्ही त्यांच्या घरी गेलो, काकूंनी ट्रंकेतून वह्या काढल्या, त्यात तारखेसकट गाणं लिहिलेलं, शिवाय आकाशवाणीवर ते गाणं गायल्याचं कराराचं पत्र जपून ठेवलेलं, कॅसेट निघण्याच्या आधीचं. त्या कागदांवर दावा उभा राहिला, काकांना आयपीआरएसचं सभासद करून घेतलं, गाण्याची नोंद त्यांच्या नावावर झाली. पहिली रॉयल्टी काही मोठी नव्हती, पण स्टेटमेंटवर स्वतःचं नाव बघून काका बराच वेळ काही बोललेच नाहीत. मला ए अँड आरमध्ये एखादं गाणं हिट झाल्यावर आनंद होतोच, पण या कामासारखं समाधान मला दुसऱ्या कशात मिळालेलं नाही.

म्हणून नवीन गाण्यात हे पहिल्या दिवशीच करायचं. स्टुडिओतून उठायच्या आधी कोणी काय लिहिलं आणि कुणाचे किती टक्के हे एका कागदावर घ्या आणि सगळ्यांच्या सह्या घ्या, याला स्प्लिट शीट म्हणतात. मित्र असतात, संकोच वाटतो, नंतर बघू म्हणतात, आणि गाणं चाललं की कुणालाच आठवत नाही हुक, म्हणजे गाण्याची डोक्यात बसणारी ओळ, कुणी सुचवलेला. रेकॉर्डिंगला त्याची ओळख म्हणून आयएसआरसी नंबर लागतो, बारा अक्षर-आकड्यांचा, आणि गाण्याला वेगळा आयएसडब्ल्यूसी, हे दोन्ही एकमेकांना जोडलेले पाहिजेत. नावाचं इंग्रजी स्पेलिंग एकदा ठरवून तेच सगळीकडे वापरा. विठ्ठल, ज्ञानेश्वर असली नावं लोक चार तऱ्हांनी टाइप करतात आणि सिस्टिमसाठी ती चार वेगळी माणसं होतात.

कलाकार कुठे शोधायचे? इन्स्टाग्राम सगळेच बघतात, त्यामुळे तिथे दिसलेला कलाकार तुमच्या आधी पाच जणांनी गाठलेला असतो. मी पुण्यात फिरोदिया करंडक या कॉलेजांच्या स्पर्धेला जाते, कारण तिथे एकाच टीममध्ये लिहिणारा, चाल देणारा आणि वाजवणारा एकत्र दिसतो आणि दबावाखाली काम कसं करतात तेही कळतं. एप्रिलमध्ये भीमजयंतीचे कार्यक्रम ऐकते, तिथे हजारोंच्या गर्दीला धरून ठेवणारे गायक आहेत आणि त्यांतल्या बऱ्याच जणांचं एक गाणंही नीट रिलीज झालेलं नसतं. मराठीत सीझनचं भान लागतं, शिवजयंती, आषाढी, गणपती, नवरात्र, लग्नसराई. गणपतीचं गाणं श्रावणात सुचलं तर उशीर झालाय, कारण व्हिडिओ आहे, डिस्ट्रिब्युटरकडे (तो गाणं स्ट्रीमिंग ॲप्सवर चढवतो) पोचवणं आहे, स्पॉटिफायच्या प्लेलिस्ट ठरवणाऱ्या एडिटोरियल टीमला निदान सात दिवस आधी पिच करायचंय.

कलाकाराशी बोलताना ॲडव्हान्स म्हणजे काय हे तुम्ही स्वतः सांगा, एजंटवर सोडू नका. ॲडव्हान्स हे बक्षीस नाही, पुढच्या रॉयल्टीतून तो वळता होणार असतो, आणि व्हिडिओचा खर्च त्यात धरलाय का हे गावाकडच्या पोराला कुणी सांगतच नाही. लेबलच्या बाजूने बसून हे कशाला सांगायचं असं तुम्हाला ऑफिसात कुणीतरी म्हणेल. तरी सांगा, तोच कलाकार पुढचं गाणं घेऊन तुमच्याकडे येतो.

शिक्षणाचं म्हणाल तर ठरलेली डिग्री नाही. मी कॉमर्सची, माझ्या टीममध्ये एक जण लॉ केलेला, एक जण तबला विशारद. वायपोचा (जागतिक बौद्धिक संपदा संघटनेचा) बेसिक आयपी, म्हणजे बौद्धिक संपदेचा, कोर्स ऑनलाइन फुकट आहे, तो करा. मुंबईत ऑल अबाऊट म्युझिक ही कॉन्फरन्स होते, तिथे स्टेजवरच्या भाषणांपेक्षा बाहेरच्या गप्पांत जास्त कळतं. पहिली नोकरी मोठ्या लेबलमध्येच पाहिजे असा हट्ट धरू नका, छोट्या मराठी लेबलमध्ये किंवा डिस्ट्रिब्युटरकडे कॉन्ट्रॅक्टपासून रॉयल्टीच्या हिशोबापर्यंत सगळं हातात पडतं. सुरुवातीचा पगार मुंबईच्या भाड्यापुढे कमी वाटतो, घरचं पाठबळ नसेल तर हे आधीच मोजून या.

आणि इंटरव्ह्यूला जाताना प्लेलिस्ट नेऊ नका, ती सगळेच आणतात. तुमच्या भागातली तीन गाणी निवडा, लग्नात वाजतात तसली. शब्द कुणाचे, चाल कुणाची, रेकॉर्डिंग कुणाकडे आहे आणि क्रेडिटमध्ये काय छापलंय हे शोधून एका पानावर लिहून न्या. दोन गाण्यांची उत्तरं बहुतेक सापडतील, तिसऱ्यासाठी कुणाच्या तरी घरी जावं लागेल. जा, वही दाखवा म्हणा, फोटो काढायला परवानगी मागा, आणि काय सापडलं ते त्या पानावर लिहा.